कर्ता नसलेली इजा : अण्वस्त्रविषयक वैद्यकीय संकेतांकांचे भाषिक परीक्षण

प्रस्तुत परीक्षणाचा विषय असलेली संहिता ग्रंथ या संज्ञेस पात्र आहे की नाही, याविषयी मतभेद होऊ शकेल. ते एक कोष्टक आहे. रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाच्या दहाव्या आवृत्तीचे जे विस्तारित रूप अमेरिकेत १ ऑक्टोबर २०१५ पासून सक्तीचे झाले, त्याच्या विसाव्या प्रकरणात इजांची बाह्य कारणे दिलेली आहेत. त्यांपैकी 'वाय ३६' हे पद युद्धातील कृतींसाठी आणि 'वाय ३७' हे शांततेच्या काळातील लष्करी कृतींसाठी आहे. या दोहोंतील अण्वस्त्रांसंबंधीचा पाचवा पोटविभाग, एवढ्यापुरताच हा लेख मर्यादित आहे. वैद्यकशास्त्राचा अधिकार प्रस्तुत लेखकास नाही. परंतु कोष्टक हेही भाषेतच लिहिलेले असते, त्यालाही एक वाक्यरचना असते, आणि जे त्यात लिहिता येत नाही ते पुढे कोणत्याही आकडेवारीत दिसत नाही. तेव्हा भाषेच्या अभ्यासकाने त्यात लक्ष घालणे अगदीच अनधिकार ठरू नये.

हे कोष्टक माझ्याकडे विक्रोळीहून आले. आमच्या विभागातून एम. ए. झालेला एक विद्यार्थी तेथील एका कार्यालयात रात्रपाळीला असतो. अमेरिकेतील रुग्णालयांतून आलेले रुग्णांचे कागद वाचावयाचे आणि त्यांतील प्रत्येक निदानास व प्रत्येक इजेस योग्य तो संकेतांक लावावयाचा, हे त्याचे काम. या धंद्यात त्याला 'कोडिंग' आणि ते करणाऱ्यास 'कोडर' म्हणतात. संकेतांक चुकला तर विमा कंपनी देयक परत पाठवते, म्हणून तेथे शब्दाशब्दावर वाद होतात. आमच्या परिसंवादांतून असे वाद अलीकडे क्वचितच ऐकू येतात. मराठी माध्यमातून आलेल्या नवशिक्यांसाठी तो काही टिपणे मराठीत तयार करीत होता. वाय ३७ च्या मथळ्यास मराठीत काय म्हणावे, असे त्याने मला विचारले, आणि मी फारसा विचार न करता 'लष्करी कारवाई' असे सांगून मोकळा झालो. ते उत्तर चूक होते. ते चूक का होते याचा शोध घेताना पुढील विवेचन सुचले.

या वर्गीकरणाचा उगम मृत्यूच्या नोंदीत आहे. १८९३ साली शिकागो येथे आंतरराष्ट्रीय सांख्यिकी संस्थेच्या अधिवेशनात झाक बेर्तियाँ याने मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. १९४८ साली जागतिक आरोग्य संघटनेने तिची सहावी आवृत्ती सिद्ध केली, तेव्हा मृत्यूंबरोबर आजार व इजाही तीत आल्या. दहावी आवृत्ती १९९० साली संमत झाली. अकरावी १ जानेवारी २०२२ पासून अंमलात आली असली, तरी अमेरिकन देयकांचा व्यवहार दहावीच्याच विस्तारावर चालतो. मूळ आंतरराष्ट्रीय दहाव्या आवृत्तीत अण्वस्त्रांना एकच ओळ आहे, वाय ३६.५, आणि वाय ३७ हे पद तीत मुळीच नाही. अमेरिकन विस्तारात त्या एका ओळीच्या छत्तीस ओळी झाल्या, आणि वाय ३७ खाली तशाच आणखी छत्तीस आल्या.

छत्तीस ही संख्या कशी येते ते पाहिले म्हणजे या संहितेचे व्याकरण हाती लागते. पाचव्या स्थानी परिणामाचे सहा भेद : अनिर्दिष्ट, स्फोटाचा प्रत्यक्ष धक्का, स्फोटाचा अप्रत्यक्ष धक्का, उष्णता, किरणोत्सर्ग, आणि इतर. सहाव्या स्थानी व्यक्तीचे दोन भेद, लष्करी आणि मुलकी. सातव्या स्थानी तीन अक्षरे : उपचार चालू असतानाची भेट असेल तर 'ए', त्यानंतरची देखरेखीची भेट असेल तर 'डी', आणि मागाहून उद्भवलेला विकार असेल तर 'एस'. म्हणजे 'वाय ३६.५४० ए' असे लिहिले की युद्धातील कृती, अण्वस्त्र, किरणोत्सर्ग, लष्करी व्यक्ती, पहिला उपचार, एवढे सगळे सांगून झाले. सात स्थानांत इतका मजकूर बसविणे हे संयोगात्मक भाषांनाही सहज साधणारे नाही, हे मान्य करावयास हवे. (सातव्या स्थानाच्या इंग्रजी नावात 'एन्काउंटर' हा शब्द येतो. मुंबईच्या मराठीत त्याला जो अर्थ चिकटला आहे त्यामुळे 'पहिले एन्काउंटर' आणि 'नंतरचे एन्काउंटर' हे शब्द उच्चारताच नवशिक्यांत हशा पिकतो, असे विद्यार्थी सांगतो.)

पाचव्या स्थानाचा क्रम पाहावा. आधी धक्का, मग उष्णता, मग किरणोत्सर्ग. सॅम्युएल ग्लासस्टन याने संपादित केलेल्या आणि अमेरिकन सरकारने १९५७, १९६२ व १९७७ साली प्रसिद्ध केलेल्या अण्वस्त्रांच्या परिणामांवरील प्रसिद्ध ग्रंथातही बाँबच्या ऊर्जेची हीच वाटणी आहे. हवेत फुटणाऱ्या बाँबच्या बाबतीत सुमारे निम्मी ऊर्जा धक्क्यात, सुमारे ३५ टक्के उष्णतेत आणि उरलेली सुमारे १५ टक्के किरणोत्सर्गात जाते, असा तेथील ढोबळ हिशेब आहे. ही वाटणी बाँबच्या बाजूने केलेली आहे, शरीराच्या बाजूने नाही. म्हणूनच धक्क्याने फेकला गेलेला मनुष्य आणि धक्क्याचा थेट आघात झालेला मनुष्य यांना निरनिराळे अंक मिळतात; परंतु स्फोटाच्या क्षणी किरणांनी विद्ध झालेला मनुष्य आणि अनेक मैल दूर, कित्येक तासांनी, आकाशातून पडलेल्या धुळीने बाधित झालेला मनुष्य हे दोघे एकाच अंकाखाली येतात. ज्याच्या अंगावर धूळ पडली त्याला तो धूळच म्हणेल. १९५४ साली जपानी मच्छीमारांनी तिला 'शि नो हाय', मृत्यूची राख, असे म्हटले. ते नाव शास्त्रीय नसेल, पण त्यात पदार्थ आहे, रंग आहे, आणि ती कशी अंगावर येते तेही आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे वळू. क्रियेशी संबंध असलेल्या घटकांना आपली परंपरा कारके म्हणते. या कोष्टकात कर्म आहे : ज्याला इजा झाली तो लष्करी वा मुलकी मनुष्य. करण आहे : अण्वस्त्र. अधिकरणासाठी, म्हणजे स्थळासाठी, वाय ९२ हे वेगळे पद आहे. फक्त कर्ता नाही. आणि तो लिहावयाचा राहून गेला असे नसून त्यासाठी स्थानच ठेवलेले नाही. शिवाय मथळ्यांत क्रियापदही नाही. 'अण्वस्त्राच्या किरणोत्सर्गी परिणामाचा अंतर्भाव असलेली युद्धकृती' अशी नामांची रांग तेवढी आहे, म्हणजे कर्तरी की कर्मणी हा प्रश्नच उद्भवू नये. पाणिनीय परंपरेत स्वातंत्र्य हे कर्त्याचे लक्षण मानले आहे, आणि वक्त्याच्या विवक्षेनुसार करणालाही कर्त्याचे स्थान देता येते हेही त्याच परंपरेने सांगितले आहे. कुऱ्हाड झाड तोडते असे म्हणता येते. येथे तसेच घडले आहे. बाँब परिणाम करतो. बाँब कोणी टाकला हा विवक्षेचा विषय नाही. मराठीत 'भावकर्तरी' म्हणून ओळखली जाणारी काही क्रियापदे आहेत, उजाडते, सांजावते, मळमळते, ज्यांत कर्ता शोधू गेल्यास सापडत नाही. किरणोत्सर्गाच्या तीव्र आजाराचे पहिले लक्षण मळमळ हेच असते. 'त्याला मळमळते' हे वाक्य रुग्णाच्या तोंडी यथायोग्य आहे, कारण त्याच्या अनुभवात खरोखरच कोणी कर्ता नसतो. ते सबंध कोष्टकाचे वाक्य झाले म्हणजे मात्र अडचण उत्पन्न होते.

यावर एक उत्तर दिले जाईल, आणि ते वजनदार आहे. हे वर्गीकरण आरोग्याच्या मोजणीसाठी आहे, अपराधाच्या चौकशीसाठी नाही. खाटेवर पडलेल्या मनुष्याकडे पाहून त्याच्यावर बाँब कोणी टाकला हे वैद्याला कळत नाही आणि कळण्याची गरजही नाही. शत्रूराष्ट्रांतील वैद्यांनी एकच अंक लिहिला तरच आकडे जुळतील. हे सगळे मला मान्य आहे. परंतु लगेचच पुढे असलेले वाय ३८ हे पद पाहावे. तेही मूळ आंतरराष्ट्रीय आवृत्तीत नाही. अमेरिकेने ते घातलेले आहे, आणि ते दहशतवादासाठी आहे. त्यातही अण्वस्त्राचा पोटविभाग आहे, पण तेथे व्यक्तीचे भेद तीन आहेत : सार्वजनिक सुरक्षेचा अधिकारी, मुलकी व्यक्ती, आणि इजा झालेला दहशतवादी. म्हणजे कर्त्याला येथे खास जागा आहे. आणि ही जागा वैद्याच्या निरीक्षणाने भरावयाची नाही. घटना दहशतवादाची आहे असे अमेरिकन संघराज्याच्या तपासयंत्रणेने ठरविले असेल तरच हे पद वापरावे, असा स्पष्ट नियम आहे. तटस्थता हे या कोष्टकाचे तत्त्व असते तर ते तिन्ही पदांत सारखे पाळले गेले असते. प्रत्यक्षात करणाचा आग्रह सगळीकडे आहे आणि कर्त्याची गरज फक्त एका ठिकाणी, तीही सरकारच्या अनुज्ञेने, मान्य केलेली आहे.

आता 'लष्करी कारवाई' या माझ्या उत्तराचा दोष सांगता येईल. मराठीत 'कारवाई' कोणावर तरी, कोणाविरुद्ध तरी होते; पोलीस करतात, नगरपालिका करते, लष्कर करते. त्या शब्दात विरुद्ध पक्ष गृहीत असतो. वाय ३७ मध्ये तो नाही. शांततेच्या काळात लष्करी जागेवर आणि नेहमीच्या लष्करी सरावात व कामकाजात लष्करी वा मुलकी व्यक्तींना झालेल्या इजा, अशा आशयाची टीप त्या पदाखाली आहे. चाचणी, सराव, साफसफाई, वाहतूक हे सगळे तीत येते. तेव्हा 'लष्करी कामकाज' हाच शब्द योग्य. तो रूक्ष वाटतो हे खरे, परंतु ज्या कामात कोणी शत्रू नाही आणि तरीही माणसे भाजतात, त्याला रूक्ष शब्दच शोभतो.

त्या टिपेतील 'आणि' हे अव्यय मात्र माझ्याने सहज ओलांडवेना. 'लष्करी जागेवर आणि सरावात' याचा अर्थ दोन्ही अटी एकाच वेळी पूर्ण व्हाव्यात असा, की दोहोंपैकी कोणतीही एक पूर्ण झाली तरी चालेल असा? १ मार्च १९५४ रोजी बिकिनी येथे अमेरिकेने केलेल्या चाचणीचा जोर अपेक्षेच्या दुपटीहून अधिक, म्हणजे सुमारे १५ मेगाटन, निघाला. 'दाइगो फुकुर्यु मारु' हे जपानी मासेमारी जहाज धोक्याच्या जाहीर क्षेत्राबाहेर होते. त्यावरील २३ जणांवर राख पडली. बिनतारी संदेशाचे काम पाहणारे कुबोयामा आयकिची हे २३ सप्टेंबर १९५४ रोजी निवर्तले. समुद्र ही लष्करी जागा नव्हे. मच्छीमार सरावात सामील नव्हते, परंतु सराव घडला तो त्याच वेळी आणि त्याचीच राख त्यांच्यावर पडली. 'आणि' संयोगवाचक धरला तर ते वाय ३७ च्या बाहेर पडतात. विकल्पवाचक धरला तर आत येतात. आणि मूळ आंतरराष्ट्रीय आवृत्तीत, जेथे वाय ३७ नाही आणि युद्धही चालू नव्हते, तेथे त्यांना डब्ल्यू ८८ खाली, आयनीकारक किरणोत्सर्गाशी आलेला आकस्मिक संबंध म्हणून, अपघातांच्या रांगेत बसावे लागते. हे केवळ दूरच्या समुद्रापुरते नाही. मृत्यूच्या वैद्यकीय प्रमाणपत्रांच्या संकेतनासाठी आपल्या देशात हीच मूळ दहावी आवृत्ती वापरली जाते. आणि हा देश १९७४ व १९९८ साली पोखरण येथे चाचण्या केलेला आहे. विक्रोळीचा कोडर परक्या देशाच्या सैनिकासाठी जे पद वापरू शकतो, ते त्याच्या स्वतःच्या देशाच्या मृत्युनोंदीत उपलब्ध नाही.

सहाव्या स्थानाच्या 'मुलकी' या भेदाविषयी थोडे. 'नागरिक' हा आज रूढ झालेला शब्द येथे चालणार नाही. नागरिक हा कोणत्या तरी राज्याचा असतो, आणि जपानी मच्छीमार हा बाँब फोडणाऱ्या राज्याचा नागरिक नव्हता. 'मुलकी' हा जुन्या कारभारातला शब्द लष्करीच्या विरोधात नेमका उभा राहतो. पण दोनच भेदांत सगळी माणसे मावतात असे मराठी इतिहास वाचलेला मनुष्य सहसा म्हणणार नाही. बाजारबुणगे कोणत्या खणात घालावयाचे?

हा प्रश्न थट्टेचा नाही, कारण त्याला मराठी माणसांचे एक प्रत्यक्ष उदाहरण आहे. जपानच्या शरणागतीनंतर पश्चिम होन्शू व शिकोकू हा प्रदेश ब्रिटिश राष्ट्रकुलाच्या ताबा-सैन्याकडे आला. हिरोशिमा त्याच प्रदेशात होते, आणि सैन्याचे मुख्य बंदर कुरे हे हिरोशिमा प्रांतातच, शहरापासून फार दूर नसलेले. या सैन्यात ब्रिगेडियर के. एस. थिमय्या यांच्या हाताखालील २६८ वी भारतीय ब्रिगेड १९४६ साली गेली, आणि तिच्या तीन पलटणींपैकी एक पाचव्या मराठा लाइट इन्फन्ट्रीची पहिली पलटण होती. १९४७ साली भारतीय सैन्य तेथून परत आले. या पलटणीचा मुक्काम प्रामुख्याने उत्तरेच्या किनाऱ्याकडे होता, आणि १९४६ पर्यंत हिरोशिमातील अवशिष्ट किरणोत्सर्ग पुष्कळच ओसरला होता. म्हणून कोणाला इजा झाली असे मी म्हणत नाही. मी विचारतो ते इतकेच, की बेळगाव-साताऱ्याकडचा त्या पलटणीतील एखादा शिपाई, किंवा तिच्यासोबत गेलेला आचारी अथवा धोबी, पुढे रक्ताच्या कर्करोगाने आजारी पडला असता, तर हे कोष्टक त्याला कोठे बसविते? युद्ध २ सप्टेंबर १९४५ रोजी विधिपूर्वक संपले होते. युद्ध संपल्यानंतर घडणाऱ्या युद्धकृतींसाठी वाय ३६.८ हे पद आहे खरे. पण तेथे नावानिशी उल्लेख आहे तो पेरून ठेवलेल्या आणि मागाहून फुटलेल्या सुरुंगाचा व बाँबचा. मागाहून बाधणाऱ्या मातीचा नाही. शिपाई 'इतर' मध्ये जाईल. आचारी कोठे जाईल ते सांगवत नाही.

येथे सातव्या स्थानाचा खरा पेच उघड होतो. 'ए', 'डी' आणि 'एस' ही अक्षरे काळाची आहेत, आणि त्यांच्यामागे मोडलेल्या हाडाचे किंवा भाजलेल्या कातडीचे चित्र आहे : आधी आघात, मग बरे होणे, मग राहिलेला व्रण. मार्गदर्शक नियमांतही 'एस' चे उदाहरण भाजल्यानंतरच्या व्रणाचेच आहे. किरणोत्सर्गाचा काळ असा चालत नाही. तीव्र आजारातसुद्धा पहिली मळमळ थांबल्यावर काही दिवस मनुष्य बरा दिसतो, आणि मग खरा आजार सुरू होतो. रक्ताचा कर्करोग काही वर्षांनी, इतर कर्करोग त्याहूनही उशिरा दिसू लागतात. तेव्हा 'एस' लिहावयाचे. पण 'एस' लिहिणे म्हणजे हा विकार त्या इजेपासूनच उद्भवला असे एका मनुष्याविषयी विधान करणे होय. किरणोत्सर्गाने झालेला रक्ताचा कर्करोग आणि अन्य कारणाने झालेला, हे दोन्ही तपासणीत सारखेच दिसतात. हिरोशिमा व नागासाकी येथील सुमारे १ लाख २० हजार लोकांचा पिढ्यान्‌पिढ्या चाललेला अभ्यास एवढेच सांगू शकतो की बाधितांत हे रोग अधिक झाले. त्यांतील कोणाचा रोग बाँबमुळे झाला ते तो सांगू शकत नाही. ज्ञान बहुवचनी आहे आणि संकेतांक एकवचन मागतो. प्रामाणिक वैद्य अशा वेळी सातवे स्थान लिहिणार नाही, सबंध संकेतांकच लिहिणार नाही. बाह्य कारणांचे संकेतांक लिहिण्याची देशव्यापी सक्ती अमेरिकेतही नाही, त्यामुळे ते गाळणे सोपे आहे.

कायद्याने हा पेच निराळ्या भाषेने सोडविला. अमेरिकेच्या १९८८ च्या कायद्यात ६ ऑगस्ट १९४५ ते १ जुलै १९४६ या काळात हिरोशिमा वा नागासाकीच्या ताब्याच्या कामात असलेल्या आपल्या सैनिकांना विशिष्ट कर्करोग झाल्यास तो सेवेमुळेच झाला असे गृहीत धरावयाचे ठरले. २०२२ च्या कायद्याने त्यात पालोमारेस, थुली आणि एनेवेटाक येथील साफसफाईची कामे घातली. जपाननेही १९५७ च्या कायद्यात स्फोटानंतर दोन आठवड्यांच्या आत शहराच्या ठराविक भागात आलेल्या लोकांना बाधित मानले. या कायद्यांचे क्रियापद 'आहे' असे नसून 'मानावे' असे विध्यर्थी आहे, आणि त्यांत विशेषनामे व तारखा आहेत. कोष्टकात एकही विशेषनाम नाही. कायद्यांतील सीमाही मनमानी आहेत. १ जुलैला हजर असलेला आत आणि २ जुलैला पोहोचलेला बाहेर. काळ्या पावसात भिजलेल्या ८४ जणांना सीमेबाहेरचे म्हणून हिरोशिमाच्या न्यायालयांत जावे लागले, आणि २०२१ साली उच्च न्यायालयात त्यांचे म्हणणे मान्य झाले. परंतु सीमा चुकली तर ती चुकली असे म्हणता येते, कारण ती लिहिलेली असते आणि ती आखणारा कोण ते ठाऊक असते. कर्त्याचे स्थानच नसलेल्या कोष्टकाविरुद्ध दाद मागावयाची तर कोणाकडे?

जपानी भाषेने येथे एक सूक्ष्म भेद राखला आहे. 'हिबाकुशा' हा एकच उच्चार दोन प्रकारे लिहितात. एका लेखनात मधल्या चिन्हात अग्नीचा अवयव असतो, आणि त्याचा अर्थ बाँबने बाधित. दुसऱ्यात त्याच जागी सूर्याचा अवयव असतो, आणि त्याचा अर्थ किरणांनी बाधित, मग ते किरण कोठूनही आलेले असोत. ऐकताना भेद नाही, लिहिताना आहे. लिहिणाऱ्याला ठरवावेच लागते.

मराठीत उलट आपण सगळेच एका शब्दात ओतले आहे. पदार्थाचा किरण बाहेर टाकण्याचा गुण, ते किरण, आणि त्या पदार्थाची पसरलेली धूळ, या तिन्हींस वृत्तपत्रे 'किरणोत्सर्ग' म्हणतात. मराठी विश्वकोशाने गुणासाठी किरणोत्सर्ग आणि ऊर्जेसाठी प्रारण असा विवेक केला होता, पण प्रारण हा शब्द पाठ्यपुस्तकाबाहेर फारसा आला नाही. (मी स्वतः वर किरणोत्सर्ग हाच शब्द सर्रास वापरला आहे, हे वाचकांच्या ध्यानात आले असेलच.) तिसऱ्यासाठी तर शब्दच नाही; जे अंगावर पडते, विहिरीत उतरते आणि दुधातून पोटात जाते, त्याला 'किरणोत्सर्गी धूळ' असे दोन शब्दांत म्हणावे हे उत्तम. कोष्टकाने धूळ आणि किरण एका अंकात घातले म्हणून आपणही ते एका शब्दात घालावे असे नाही.

विद्यार्थ्याला शेवटी लिहून पाठविले ते असे : वाय ३६ साठी 'युद्धकृती', वाय ३७ साठी 'लष्करी कामकाज', सहाव्या स्थानी 'लष्करी' व 'मुलकी', सातव्या स्थानी एन्काउंटरऐवजी 'भेट', आणि 'एस' साठी 'मागाहून उद्भवलेला विकार'. धुळीचा उल्लेख त्याने टिपेत स्वतंत्र करावा असे सुचविले. वाय ३७ खालचा 'आणि' मात्र तसाच ठेवावयास सांगितला आहे, कारण तेथे 'किंवा' लिहिण्याचा अधिकार भाषांतरकाराला नाही. त्याने तो ठेवला आहे, आणि नवशिक्यांना वाटावयाच्या प्रतीत त्या शब्दाशेजारी पेन्सिलीने एक प्रश्नचिन्ह केले आहे.